ढालकिडे : घरचे, पाहुणे आणि घरभेदी



गेल्या पावसाळ्यात, बाजारच्या दिवशी, राहात्याच्या आमच्या कार्यालयात एक गृहस्थ आपल्या शाळकरी मुलाला घेऊन आले. त्यांचे काम ठिबकच्या अनुदानाच्या कागदांचे होते. कागद पाहणे चालू असताना मुलाने खिशातून काडेपेटी काढली आणि अलगद माझ्या टेबलावर ठेवली. आत चार भुंगेरे होते. एक पिवळट तांबडा, पाठीवर काळ्या नागमोडी रेघांचा. दुसरा मळकट तांब्याच्या रंगाचा, पुष्कळ ठिपक्यांचा. तिसरा पांढुरका, त्यावर उभे तपकिरी पट्टे. चौथा सर्वांत लहान, काळसर, पण डोके मात्र नारिंगी.

मुलगा म्हणाला, “साहेब, यातले आपले कोणते आणि बाहेरचे कोणते? आमचे सर म्हणाले, परदेशी ढालकिडे देशी ढालकिड्यांना हुसकावून लावतात.”

त्याचे वडील कागदावरून मान वर न करता म्हणाले, “साहेब, मारायचे कोणते तेवढे सांगा.”

बाप-लेकांचे दोन्ही प्रश्न रास्त होते, आणि गंमत अशी की त्यांची उत्तरे एकमेकांशी जुळत नव्हती. पेटीत दोन देशी होते व दोन परदेशी. शत्रू एकच होता, आणि तो नेमका देशी निघाला.

ढालकिडा म्हणजे काय ते आधी पाहू. अर्ध्या वाटाण्यासारखा, वर फुगीर आणि खाली सपाट असा हा भुंगेरा असतो. पाठीवरचे दोन कडक पंख ढालीसारखे मिटलेले असतात, म्हणून हे नाव. इंग्रजीत त्याला लेडीबर्ड म्हणतात. औषधाच्या दुकानात आणि आमच्या खात्याच्या पत्रकांतही तेच नाव चालते, त्यामुळे आपल्या पोरांना ‘लेडीबर्ड’ ठाऊक असतो, ढालकिडा नसतो. जगात त्याच्या सुमारे सहा हजार जाती आहेत. बहुतेक मांसाहारी आहेत, म्हणजे मावा, पिठ्या ढेकूण, खवलेकीड अशा रस शोषणाऱ्या किडींवर जगणाऱ्या. थोड्या जाती मात्र शुद्ध शाकाहारी आहेत आणि आपल्याला डोकेदुखी त्यांचीच. माणसांत शाकाहारी सज्जन समजला जातो, ढालकिड्यांत उलटे आहे!

काडेपेटीतला पहिला, नागमोडी रेघांचा, हा आपला जुना घरचा सोबती. ज्वारी, मका, करडई, चवळी, कपाशी, घेवडा, जिथे मावा तिथे हा. शास्त्रज्ञ याला ‘सहा ठिपक्यांचा’ म्हणतात, पण ठिपके मोजू जाल तर फसाल, कारण डोळ्यांत भरतात त्या वाकड्यातिकड्या काळ्या रेघाच. एक मोठा भुंगेरा दिवसाकाठी चाळीस-पन्नास मावा फस्त करतो, आणि अळी त्याच्याहून अधाशी. रब्बीत करडईवर व गव्हावर त्याच्याबरोबर दुसरा एक दिसतो, लालभडक पाठीवर सात काळे ठिपके असलेला. पुस्तकात चित्र असते ते याचे. तिसरा देशी भाऊ तांबूस असून पाठीच्या मधोमध काळी उभी रेघ आणि दोन्ही बाजूंना आडवे काळे फराटे असतात. याशिवाय गवती रंगाचा, तीन काळ्या उभ्या रेघांचा एक बारका ढालकिडा आहे, आणि राईच्या दाण्याएवढा तपकिरी असा आणखी एक. त्या राईच्या दाण्याची आठवण ठेवा, पुढे त्याचे काम पडणार आहे.

भुंगेरा ओळखणारे पुष्कळ भेटतात, अळी ओळखणारे थोडे. या देशी ढालकिड्यांची अळी भुंगेऱ्यासारखी मुळीच दिसत नाही. लांबट, काळपट करडी, अंगावर पिवळे-नारिंगी डाग, सहा पाय पुढच्या बाजूला आणि मागे निमुळते होत गेलेले अंग. एखाद्या चिमुकल्या मगरीसारखी ती मावा लागलेल्या शेंड्यावर हिंडत असते. ही ‘काळी अळी’ पाहून घाबरून फवारा घेतलेली शेते मी किती पाहिली असतील, त्याची गणती नाही. एकदा एका भगिनीने करडईच्या शेतातून अशा अळ्या वेचून डबाभर जमवल्या होत्या आणि रॉकेलमध्ये बुडवून मारल्या होत्या. मेहनत बिचारीने खरी केली होती. चार दिवसांनी करडई माव्याने चिकट झाली.

आता दुसरा, मळकट ठिपकेवाला. हा हड्डा भुंगेरा, ढालकिड्यांतला घरभेदी. जन्माने पक्का देशी. वांगी, बटाटा, टोमॅटो, कारले यांची पाने हा खातो. याच्या पाठीवर ठिपके बारा किंवा अठ्ठावीस असतात, पण माझे सांगणे असे की ठिपके मोजण्यात वेळ घालवू नका, पाठीची चमक पाहा. मित्र ढालकिड्याची पाठ नुकत्याच पुसलेल्या काचेच्या मण्यासारखी चकाकते. हड्ड्याच्या पाठीवर बारीक लव असते, त्यामुळे तो धुळीत लोळून आल्यासारखा निस्तेज दिसतो. त्याची अळी पिवळी असून अंगभर फांद्या फुटलेले काटे असतात. आणि सर्वांत पक्की खूण पानावर सापडते. भुंगेरा व अळी दोन्ही पानाचा हिरवा गर खरवडतात, शिरा तेवढ्या ठेवतात, त्यामुळे पान जाळीदार होऊन वाळते. जिथे जाळी पडली आहे आणि मावा नाही, तिथला ठिपकेवाला शत्रू समजावा.

अंड्यांच्या बाबतीत मात्र घोटाळा होतो. दोघांचीही अंडी पिवळी, लांबट, पानाच्या खालच्या बाजूला उभी रचून ठेवल्यासारखी असतात. मी स्वतः नुसत्या अंड्यांवरून छातीठोक सांगत नाही. पान उलटे केल्यावर अंड्यांच्या आसपास मावा दिसला तर पान तसेच ठेवा. वांग्याच्या किंवा कारल्याच्या पानावर, मावा नसताना, जाळीच्या शेजारी अंडी दिसली तर ते पान तोडून चिरडा. परसातल्या वांग्यांना फवाऱ्याची गरज सहसा पडत नाही. सकाळी भुंगेरे मंद असतात, तेव्हा ते वेचून साबणाच्या पाण्यात टाकावेत आणि जोडीला ५ टक्के निंबोळी अर्क मारावा.

तिसरा, पांढुरका पट्टेवाला, ढालकिडाच नाही. तो आहे मेक्सिकन भुंगा, पाने खाणाऱ्या भुंगेऱ्यांच्या कुळातला. अंगाची ठेवण सारखी म्हणून मुलाने तो पेटीत घातला होता. गाजरगवत, ज्याला आपण काँग्रेस म्हणतो, ते पुण्यात १९५५ साली प्रथम नजरेत भरले आणि पुढे सबंध महाराष्ट्राच्या पडीत, बांधांवर, रस्त्याकडेला माजले. ज्या मुलुखातले गवत, त्याच मुलुखात त्याचा शत्रू शोधायचा या न्यायाने १९८३ साली हा भुंगा मेक्सिकोहून बंगळूरला आणण्यात आला, बंदिस्त जागेत निरनिराळ्या पिकांवर ठेवून पाहण्यात आला आणि १९८४ मध्ये मोकळा सोडण्यात आला. पावसाळ्यात तो गाजरगवताची पाने खाऊन नुसते देठ ठेवतो. पाऊस सरला की जमिनीत शिरतो आणि पुढल्या मृगाच्या पावसाला पुन्हा वर येतो. नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला तो सूर्यफुलावर दिसला म्हणून मोठी ओरड झाली होती. चौकशीअंती नुकसान किरकोळ ठरले. गाजरगवताचा तो संपूर्ण नायनाट करील अशी आशा मात्र कोणी धरू नये. जुलै-ऑगस्टात बांधावरच्या गाजरगवतावर हे पट्टेवाले दिसले तर तेथे तणनाशक मारण्याची घाई करू नका, इतकेच.

आता चौथा, काळसर अंगाचा आणि नारिंगी डोक्याचा. पोराला विचारले, हा कुठे सापडला? तो म्हणाला, “पेरूत. पांढऱ्या किडीत.” मला हवे होते तेच उत्तर आले.

याचे नाव क्रिप्टोलिमस. नाव जड आहे, परंतु द्राक्षवाले आता ते सहज उच्चारतात. हा मूळचा ऑस्ट्रेलियाचा. लांबी तीन-चार मिलिमीटर, पंख काळपट तपकिरी, डोके, मानेचा भाग व पंखांचे मागचे टोक नारिंगी. ठिपका एकही नाही. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस अल्बर्ट कोबेल नावाच्या कीटकशास्त्रज्ञाने ऑस्ट्रेलियातून ढालकिडे नेऊन कॅलिफोर्नियात सोडले. त्यातल्या एका लाल-काळ्या जातीने १८८८-८९ मध्ये तिथल्या संत्र्या-लिंबांच्या बागा पांढऱ्या खवलेकिडीच्या तावडीतून सोडवल्या. मित्रकीटकांच्या शास्त्राची खरी सुरुवात लोक तिथून धरतात. तीच लाल-काळी जात पुढे १९३० च्या सुमारास आपल्या निलगिरीत, वॅटलच्या झाडांवरच्या त्याच किडीसाठी आली. क्रिप्टोलिमस तर त्याच्याही आधी, १८९८ साली, दक्षिणेतल्या कॉफीच्या मळ्यांत हिरव्या खवलेकिडीवर सोडला गेला होता. ते काम काही त्याने केले नाही. आणलेला गडी नांगराला जुंपला तर चालेना, पण मोटेला उत्तम चालला, अशातली गत झाली. तो इथे टिकला आणि पुढे लक्षात आले की याची खरी आवड पिठ्या ढेकूण आहे. त्यानंतर कित्येक वर्षांनी बंगळूरकडच्या शास्त्रज्ञांनी त्याची पैदास करण्याची रीत बसवली आणि द्राक्षे, पेरू, सीताफळ, लिंबूवर्गीय फळे यांच्या बागांत त्याचा उपयोग सुरू झाला.

पैदाशीची रीत ऐकून आमच्या भगिनींना नवल वाटते. चांगला टणक, देठासकट लाल भोपळा घेऊन त्यावर मुद्दाम पिठ्या ढेकूण वाढवतात. भोपळा पांढराफटक झाला की त्यावर हे भुंगेरे सोडतात. मादी आपली अंडी पिठ्या ढेकणाच्या कापसासारख्या अंडी-पुंजक्यातच घालते. महिनाभराने त्याच भोपळ्यावरून नवे भुंगेरे गोळा करतात.

आपल्या भागात हे पाहुणे महत्त्वाचे का? राहाता म्हटले की पेरू. गोदावरीच्या उजव्या कालव्याच्या पाण्यावर वाढलेल्या बागा, सरदार म्हणजे लखनौ-४९ ची झाडे. (लखनौ हे नाव असले तरी या जातीची निवड झाली ती पुण्याच्या गणेशखिंडीत, आणि पेरूचे झाड तर मुळात अमेरिका खंडातले. पाहुण्यांचे आपल्याला वावडे कधीच नव्हते.) पिठ्या ढेकूण पेरूच्या कोवळ्या शेंड्यांत, फळाच्या देठाशी आणि तळाच्या फुलपात्यांत दडून बसतो. अंगावर मेणाचा पांढरा थर, त्यामुळे फवाऱ्याचे पाणी वरून ओघळून जाते. तो चिकटा सोडतो, चिकट्यावर काळी बुरशी चढते आणि फळ काजळते. असा माल अडतीवर वेगळा काढला जातो.

आणि इथेच मला माझी एक चूक सांगितली पाहिजे.

साल १९९८ असावे. एकरुख्याच्या वाटेवर एक पेरूची बाग होती. मृग बहार धरलेला, फळे लिंबाएवढी झालेली. मालकांनी बोलावले म्हणून गेलो. शेंडे पांढरे दिसत होते. बांधाजवळची दोन-चार झाडे पाहिली आणि मी सांगितले, “भाऊ, पिठ्या ढेकूण आहे. उद्याच फवारा घ्या.” त्यांच्या मंडळी पाटी घेऊन मागे उभ्या होत्या. त्या म्हणाल्या, “साहेब, यातले काही पळतात. काल एक माझ्या हातावर चढले, चांगले करंगळीच्या नखाएवढे होते. मिलीबग तर जागचा हलत नाही.”

मी हसून म्हणालो, “वहिनी, लहान पिल्ले हिंडतच असतात.”

पिल्ले हिंडतात हे खोटे नाही. पण पिल्लू करंगळीच्या नखाएवढे कसे असेल, हे बी. एस्सी. झालेल्या माणसाला त्या वेळी सुचले नाही. पिठ्या ढेकणाची पूर्ण वाढलेली मादी तीन-चार मिलिमीटरची, तिचे पिल्लू नजरेला जेमतेम दिसणारे. वहिनी सांगत होत्या ते तिच्या तिप्पट मोठे होते.

दुसऱ्या दिवशी फवारा झाला. आता बंदी आलेल्या डायक्लोरव्हॉसचा तो काळ. पण वहिनींनी आदल्या संध्याकाळीच पळणारी दोन ‘पिल्ले’ पांढरी कीड लागलेल्या एका फळासकट काचेच्या बरणीत घालून तोंडाला फडके बांधून ठेवले होते. तीन आठवड्यांनी त्यांचा मुलगा ती बरणी घेऊन माझ्याकडे आला. फळावर पांढरी कीड उरली नव्हती. फडक्याच्या आत दोन काळसर भुंगेरे फिरत होते, नारिंगी डोक्याचे.

क्रिप्टोलिमसची अळी अंगावर पांढऱ्या मेणाच्या झिपऱ्या वाढवते. ज्याला खायचे त्याचाच वेष! मुंग्यांनाही तो लवकर ओळखू येत नाही, मग बांधावरून पाहणाऱ्या साहेबाला कसा येणार? शेजारच्या द्राक्षबागाईतदाराने आदल्या हंगामात पुण्याहून भुंगेरे आणून सोडले होते. खाणे संपले तसे ते उडत पेरूत आले. वहिनींच्या बागेत ते फुकटात कामाला लागले होते, आणि मी त्यांना औषध पाजले. देठाशी आणि फुलपात्यांत दडलेला पिठ्या ढेकूण त्या फवाऱ्यातून वाचला, अंड्यांचे पुंजके वाचले. दीड महिन्यात कीड पूर्वीहून जास्त झाली. तोडणीच्या वेळी निम्मी फळे काजळलेली होती आणि भाव त्याप्रमाणे मिळाला.

मी त्यांच्या वस्तीवर जाऊन चूक कबूल केली. वहिनींनी चहा दिला आणि म्हणाल्या, “फळे तर गेली साहेब. पुढच्या बहाराला आधी मला विचारा, मग औषध सांगा.” मी तसे करतो. अजूनही कुठल्याही बागेत गेलो की तोडणी-खुरपणी करणाऱ्या बायकांना प्रथम विचारतो, कारण झाडाला त्यांचा हात रोज लागतो आणि आमची नजर महिन्यातून एकदा.

तर ही ओळख नीट ध्यानात ठेवा. पिठ्या ढेकूण चपटा, लंबगोल, अंगावर पिठी भुरभुरल्यासारखा. कडेच्या मेणाच्या काड्या आखूड आणि बऱ्याचशा सारख्या (एका जातीच्या शेपटाकडे दोन लांब काड्या असतात). काडीने डिवचला तर तो आळसावून हलतो किंवा हलतच नाही, कारण त्याची सोंड झाडात रुतलेली असते. क्रिप्टोलिमसच्या अळीच्या झिपऱ्या लांब, वाकड्यातिकड्या, न विंचरलेल्या केसांसारख्या. पूर्ण वाढलेली अळी पिठ्या ढेकणाच्या कितीतरी पट लांब होते. डिवचली की चालू लागते. ओल्या बोटाने मेण हळूच पुसून पाहिले तर खाली सहा ठळक पाय आणि पुढे चावणारे तोंड दिसते. दहा रुपयांचे भिंग असले तरी पुरे.

आता त्या राईच्या दाण्याएवढ्या तपकिरी ढालकिड्याची गोष्ट. तो आपला, देशी, पण त्याची अळीही अशीच पांढरी झिपरी असते, फक्त आकाराने बारीक. म्हणजे तुमच्या बागेत कोणी विकतचे भुंगेरे कधी सोडले नसले, तरी पळणारी पांढरी अळी सापडू शकते. ती देशी की परदेशी हे ठरवण्यासाठी अडून बसू नका. दोघी एकाच कामावर आहेत.

ओळख न झाल्यामुळे नुकसान आणि ओळख झाल्यावर फायदा, हे आपण उसातही पाहिले. २००२ साली सांगलीकडून लोकरी मावा सुरू झाला, उसाची पाने खालून कापसासारखी झाली. सर्वांनी पंप उचलले. पण दीड पुरुष उंचीच्या उसात फवारा पोहोचतो कोठे? शेवटी कामाला आले ते डिफा नावाच्या पतंगाची मावा खाणारी अळी आणि मायक्रोमस हा नाजूक पंखांचा कीटक, दोन्ही घरचे. एका शेतातली अळ्या असलेली पाने कापून दुसऱ्या शेतात नेऊन बांधताना कारखान्यांचे गट अधिकारी आणि शेतकरी खांद्याला खांदा लावून काम करीत होते. त्या वेळी अळी ओळखणाऱ्या माणसाला गावोगाव बोलावणे असे.

मुलाच्या सरांनी सांगितले तेही खोटे नव्हते, फक्त ते आपल्याकडचे नव्हते. चीन, जपान, सैबेरिया या बाजूचा एक मोठा ढालकिडा अमेरिकेने मावा खाण्यासाठी वारंवार आणून सोडला. १९८८ मध्ये तो तिथे पक्का रुजला. नंतर युरोपात पसरला, २००४ मध्ये इंग्लंडात पोचला. तो मावा तर खातोच, पण मावा संपला की दुसऱ्या ढालकिड्यांची अंडी व अळ्याही खातो. थंडी पडू लागली की शेकड्यांनी घरांच्या फटींत शिरतो. द्राक्षांच्या घोसांत राहिला आणि त्यांच्याबरोबर चिरडला गेला तर दारूची चव बिघडते, म्हणून तिकडचे द्राक्षवाले त्याच्यावर चिडून आहेत. आपल्या तालुक्यात मी तो पाहिलेला नाही.

पण याच गोष्टीची दुसरी बाजू पोराला सांगितली तेव्हा तो खुदकन हसला. आपल्या करडईवरचा सात ठिपक्यांचा ढालकिडा, आपला लाडका, तो अमेरिकेत परका आहे. तोही तिथे मुद्दाम नेऊन सोडला गेला आणि १९७३ मध्ये न्यू जर्सीत स्थिर झाल्याचे आढळले. त्यानंतर तिथला मूळचा नऊ ठिपक्यांचा ढालकिडा दिसेनासा होत गेला. न्यूयॉर्क राज्याने १९८९ मध्ये त्या नऊ ठिपकेवाल्याला आपला राज्यकीटक ठरवले, तोवर तो तिथे जवळजवळ नाहीसाच झाला होता. तिथले लोक आता आपल्या सात ठिपकेवाल्याकडे बोट दाखवतात.

क्रिप्टोलिमसने आपल्याकडे असे काही केल्याचे माझ्या पाहण्यात नाही. तो पिठ्या ढेकणाच्या मागे, आपले रेघांचे आणि ठिपक्यांचे माव्याच्या मागे. ताटे वेगळी म्हणून भांडण नसावे. तरीसुद्धा परदेशी कीटक कोणीही खिशात घालून आणावा असे नाही, आणि तसे नसणे योग्यच आहे. त्यासाठी केंद्र सरकारचा परवाना लागतो. बंगळूरच्या राष्ट्रीय संस्थेत कीटक बंदिस्त ठेवून आधी तपासला जातो. पपईवरचा पिठ्या ढेकूण २००८ मध्ये कोइमतूरला सापडला आणि पपईच्या बागा पांढऱ्या पडू लागल्या, तेव्हा त्याचा शत्रू असलेली बारीक गांधीलमाशी २०१० मध्ये पोर्तो रिकोहून अशाच रीतीने आणली गेली, आणि तिने कीड आटोक्यात आणली.

आता मुलाच्या वडिलांच्या प्रश्नाकडे वळू, कारण पैसे त्यांच्या खिशातले जातात. विकतचे भुंगेरे आणायचे असतील तर आधी मुंग्यांचा बंदोबस्त करा. मुंग्या चिकट्यासाठी पिठ्या ढेकणाची राखण करतात, गुराख्यासारखी, आणि ढालकिड्यांना चावून हाकलतात. खोडाजवळची वारुळे खणून मोडा, जमिनीला टेकलेल्या फांद्या छाटा, खोडाला प्लॅस्टिकची पट्टी बांधून वर ग्रीस लावा. हे न करता सोडलेले भुंगेरे म्हणजे मांजराच्या पुढ्यात ठेवलेले दूध. सोडण्याच्या आधी दोन-तीन आठवडे कडक औषध नको आणि नंतरही नको. भुंगेरे सकाळी किंवा संध्याकाळी गारव्याला सोडा, सगळी बरणी एकाच झाडावर उपडी करू नका, कीड असलेल्या झाडांवर थोडे थोडे वाटा. कडक उन्हाळ्यात आणि कडाक्याच्या थंडीत त्यांचे काम मंदावते. कीड नसताना ‘आधीपासून असू द्या’ म्हणून सोडाल तर ते खाण्याच्या शोधात शेजाऱ्याकडे जातील, वहिनींच्या बागेत आले तसे.

पावसाळी दमट हवेत व्हर्टिसिलियम लेकॅनी ही बुरशी लिटरला ४ ते ५ ग्रॅम या प्रमाणात फवारता येते. काजळलेले, कीड भरलेले शेंडे छाटून बांधावर टाकू नका, पण त्यावर झिपऱ्या अळ्या असतील तर एक दिवस झाडाखाली राहू द्या म्हणजे त्या पुन्हा वर चढतील. भाजीपाल्याच्या कडेने मका व चवळीच्या दोन ओळी लावल्या तर त्यांवर मावा येतो, माव्यावर देशी ढालकिडे येतात आणि तिथून ते मुख्य पिकात उतरतात. चवळीवर मावा दिसला म्हणून तिलाच फवारणारे महाभागही आहेत. तो मावा म्हणजे आपण मांडलेले ताट आहे.

आणि फवाऱ्याचा पंप भरण्याआधी दहा झाडांची पाने उलटी करून पाहा. कीड किती, ढालकिडे किती, अळ्या किती. अर्ध्या झाडांवर ढालकिडे अथवा त्यांच्या अळ्या असतील तर आठवडाभर पंप खुंटीला ठेवा आणि पुन्हा मोजा. कीड वाढतच असेल तर मग औषधाचे पाहू, तेही फक्त कीड असलेल्या झाडांपुरते.

पोराच्या पेटीतले तीन भुंगेरे आम्ही कार्यालयाच्या आवारातच सोडले. चौथा, हड्डा, तो कोंबडीला घालतो म्हणून घेऊन गेला. आता त्याच्या शाळेतली इतर मुलेही काडेपेट्या घेऊन येऊ लागली आहेत, त्यांचे मी स्वागतच करतो. तुम्हाला ओळख पटत नसेल तर कीड आमच्याकडे, बाभळेश्वरच्या कृषी विज्ञान केंद्रात किंवा राहुरीच्या विद्यापीठात जरूर आणा. मात्र कागदात चुरगाळून आणू नका. ज्या पानावर सापडली त्या पानासकट आणा, पीक कोणते, शेवटचा फवारा कधी आणि कशाचा घेतला ते चिठ्ठीवर लिहा, आणि पेटीला सुईने चार भोके पाडायला विसरू नका.